घराचे काम पोलीस थांबवतात तेव्हा कोर्टाकडून काय मिळते

प्रश्न असा आहे. विचारणारे गृहस्थ निवृत्त, वय ६३, राहायला डोंबिवलीला, गाव सिंधुदुर्गात समुद्राच्या कडेला. आजोबांच्या वेळचे मातीच्या भिंतींचे घर दोन पावसाळ्यांपूर्वी पडले. त्याच जोत्यावर त्यांनी चिऱ्याचे घर बांधायला काढले. ग्रामपंचायतीची परवानगी आहे, घरपट्टी वडिलांच्या नावे आहे, सातबारा सामाईक आहे. भिंती खिडकीपर्यंत आल्या आणि चुलतभावाने पोलिसांत अर्ज दिला. तेव्हापासून बीट अंमलदार तीनदा येऊन गवंड्याला दम देऊन गेले. यांना ठाण्यात बोलावून दुपारभर बाकावर बसवले, 'आधी भावाभावांत मिटवा, मग बांधा' असे सांगितले आणि एका कागदावर सही घेतली. नोटीस नाही, गुन्हा नाही, कोर्टाचा हुकूम नाही. त्यांना विचारायचे ते इतकेच: आमच्या खासगी जमिनीच्या वादात पोलिसांनी पडू नये, असा हुकूम कोर्ट देते का? देत असेल तर कुठले कोर्ट?

देते. मात्र लोकांच्या मनात जो हुकूम असतो तो आणि प्रत्यक्षात जो मिळतो तो, यांत फरक आहे. 'पोलिसांनी या माणसाच्या वाटेला जाऊ नये' असे कोर्ट कधीच म्हणत नाही. 'कायद्याने ठरवून दिलेल्या रीतीखेरीज हस्तक्षेप करू नये' असे म्हणते. दुसरे असे की किनारपट्टीवरच्या तालुका कोर्टांत पंचवीसहून अधिक वर्षे दिवाणी कामे चालवल्यावर माझे मत पक्के झाले आहे: पोलिसांचा त्रास बंद करणारा हुकूम बहुतेक वेळा पोलिसांविरुद्धचा नसतो, चुलतभावाविरुद्धचा असतो. जिथे कोर्टाचा कागद नाही आणि तुमच्याकडूनही लेखी काही नाही, त्या मोकळ्या जागेत पोलीस उतरतात. ती जागा भरून काढायची.

आधी पोलिसांच्या अधिकाराचे पाहू. सगळा गोंधळ तिथेच आहे.

जमीन कोणाची, वहिवाट कोणाची, हद्द कुठे, हे ठरवण्याचा अधिकार पोलिसांना नाही. चालू बांधकाम थांबवण्याचा हुकूम देणाऱ्या जागा वेगळ्या आहेत: दिवाणी कोर्ट, नियोजन प्राधिकरण, गावठाणात ग्रामपंचायत, महसूल खाते. पोलीस ठाणे त्यात बसत नाही. हवालदाराने अंगणात उभे राहून 'काम बंद ठेवा' म्हटले, तर त्या वाक्याला कायद्यात पाय नसतात. पाय आपण देतो, गवंड्याला घरी पाठवून. गवंडी तरी काय करणार? तो फोन करून सांगतो, 'सायबांनी सांगितल्यानी, काम बंद ठेवा', आणि थापी-ओळंबा गोळा करून दुसऱ्या साइटवर जातो. पुढच्या तारखेला चुलतभावाचा वकील कोर्टात सांगतो की काम तर यांनी स्वतःच थांबवले आहे.

लेखी कागद आला तरी तो नीट वाचा. आपल्याकडे सर्रास दिली जाते ती 'एकशे एकोणपन्नासची नोटीस'. १ जुलै २०२४ पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाल्यामुळे ते कलम आता १६८ आहे, पण ठाण्यात अजून जुनाच आकडा तोंडात आहे. दखलपात्र गुन्हा घडू नये म्हणून दिलेली ही ताकीद असते. तिच्यात 'शांतता भंग करू नये, केल्यास कारवाई करू' असा मजकूर असतो. ती स्थगिती नव्हे. ही नोटीस हातात पडली म्हणून दोन-दोन वर्षे काम बंद ठेवलेली माणसे मी पाहिली आहेत. एका मावशींनी ती घडी करून देवघरात ठेवली होती. रचलेल्या चिऱ्यांवर शेवाळ धरले, तिसऱ्या पावसात चाळीसेक चिरे फुटले, आणि नोटीस उघडून वाचली तेव्हा तिच्यात 'बांधकाम' हा शब्दच नव्हता.

तरीही अंगणात उभे राहून पोलिसांशी वाद घालू नका. संहितेच्या त्याच प्रकरणात कलम १७२ नव्याने आले आहे. प्रतिबंधक कारवाईखाली पोलिसांनी दिलेला कायदेशीर निर्देश पाळणे बंधनकारक आहे, आणि विरोध करणाऱ्याला ते तिथून हटवू शकतात, ताब्यातही घेऊ शकतात. निर्देश कायदेशीर होता की नव्हता हे नंतर ठरते, ताब्यात घेणे आधी होते. म्हणून बोलणे थोडके आणि लिहिणे सविस्तर ठेवा. 'साहेब, हे मला लेखी द्या' या एका वाक्यापलीकडे काही बोलायची गरज नसते. लेखी दिले तर आव्हान द्यायला कागद मिळाला. नाही दिले तर त्याच संध्याकाळी तुम्ही लिहायचे, 'आज इतक्या वाजता अमुक येऊन तोंडी असे म्हणाले, लेखी मागितले, दिले नाही', आणि ठाण्याच्या आवक विभागात देऊन पोच घ्यायची. आवक विभाग घेत नसेल तर स्पीड पोस्टाने पाठवा.

आता दुसरी बाजू, कारण ती लपवून तुमचे भले होणार नाही. वाद दिवाणी आहे म्हणून पोलिसांना कधीच येता येत नाही, असे नाही. मारामारी झाली, गडगा म्हणजे दगडी कुंपण पाडले, धमकी दिली, तर ते फौजदारीच आहे. फौजदारी स्वरूपाचा अतिक्रमप्रवेश भारतीय न्याय संहितेच्या कलम ३२९ खाली येतो. त्याला तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा दंड आहे आणि तो दखलपात्र आहे. चुलतभावाच्या अर्जातून दखलपात्र गुन्हा उघड दिसत असेल तर पोलिसांनी गुन्हा नोंदवायलाच हवा, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये ललिता कुमारी निकालात सांगितले आहे. दिसत नसेल तर अदखलपात्र नोंद करून, ज्याला आपण एनसी म्हणतो, अर्जदाराला मॅजिस्ट्रेटकडे जायला सांगायचे. मॅजिस्ट्रेटच्या हुकुमाशिवाय त्याचा तपास करता येत नाही. गुन्हा आणि एनसी यांच्यामधली 'अर्ज चौकशी' म्हणून महिनोन्महिने चालणारी जी गोष्ट आहे, तिच्या नावाखाली लोकांना हेलपाटे पडतात. नागरिक सुरक्षा संहितेत कलम १७३(३) ने प्राथमिक चौकशीला जागा दिली आहे, पण ती तीन वर्षे ते सात वर्षांच्या आत शिक्षा असलेल्या गुन्ह्यांना, उपअधीक्षकांच्या परवानगीने आणि चौदा दिवसांत संपवायची. जोत्यावरच्या भांडणाला ती लागत नाही.

ठाण्यात बोलावण्याचेही तसेच. तपासात साक्षीदार म्हणून बोलवायचे तर कलम १७९ खाली लेखी बोलावणे लागते, आणि साठ वर्षांवरच्या पुरुषाला तो राहतो त्या जागेखेरीज दुसरीकडे हजर राहायला भाग पाडता येत नाही. स्त्रियांना तर कोणत्याही वयात नाही. तुम्ही ६३ वर्षांचे आहात, म्हणजे गुन्हा दाखल असता तरी जबाब घ्यायला त्यांनी तुमच्या पडवीत यायला हवे होते. आरोपी म्हणून नोटीस द्यायची तर ती कलम ३५(३) ची, रीतसर बजावलेली. व्हॉट्सअॅपवर पाठवलेली अशी नोटीस चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये स्पष्ट केले. तीन वर्षांच्या आत शिक्षेचा गुन्हा असेल आणि माणूस साठीच्या पुढचा असेल, तर उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याच्या पूर्वपरवानगीशिवाय अटक करता येत नाही. हे मी भांडायला म्हणून सांगत नाही. पुढच्या वेळी फोन आला की 'आत टाकतील' या भीतीने पहाटेची गाडी पकडून तुम्ही गावी धावाल, ते होऊ नये म्हणून सांगतो.

त्या दुपारचा पुरावा मात्र आजच राखून ठेवा. प्रत्येक पोलीस ठाण्यात सीसीटीव्ही हवा आणि चित्रण अठरा महिने, निदान वर्षभर तरी, जपायला हवे, असा सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०२० चा आदेश आहे. माहितीच्या अधिकारात त्या तारखेचे चित्रण आणि स्टेशन डायरीतली नोंद मागा, आणि अर्जात 'हे चित्रण नष्ट करू नये' असे ठळक लिहा. चित्रण हातात पडेलच असे नाही. पण मागणी केल्याची तारीख कागदावर राहते आणि पुढे कोर्ट ती पाहते.

आता तुमच्याच कागदांकडे वळतो. तुम्ही एका शब्दात 'सातबारा सामाईक' लिहून पुढे गेलात, पण सगळी केस त्या शब्दात आहे. कोकणातला सातबारा कसा असतो हे बाहेरच्याला सांगून पटत नाही. दहा गुंठ्यांवर चोवीस नावे, त्यातली नऊ मयत, बहिणींची लागलेली नाहीत, एक शाखा बडोद्याला आणि तिचा पत्ता कोणालाच माहीत नाही. वाटप झाले आहे म्हणून सगळे सांगतात, पण ते तोंडी, आजोबांनी माडाला खुणा करून दिलेले. कायदा म्हणतो की वाटप होईपर्यंत प्रत्येक सहहिस्सेदाराचा प्रत्येक इंचावर हक्क आहे. म्हणजे चुलतभाऊ कोर्टात गेला तर त्याच्याकडेही बोलायला जागा आहे, आणि 'माझी जमीन, मी बांधतो' एवढ्यावर तुम्हाला हुकूम मिळणार नाही.

तुम्हाला तारेल ते जोते. वडील त्याच घरात राहत होते, घरपट्टी त्यांच्या नावे वेगळ्या घर नंबराने आहे, विजेचे मीटर आहे, चुलत्यांचे घर गडग्यापलीकडे स्वतंत्र आहे आणि त्यांनी ते बांधले तेव्हा कोणी विरोध केला नाही. हे सगळे मिळून 'वाटणी प्रत्यक्षात अमलात होती' असे चित्र उभे राहते. घरपट्टीने मालकी सिद्ध होत नाही, ती ताब्याचा पुरावा असते. पण निशाणी ५ च्या, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या अर्जाच्या, टप्प्यावर कोर्टाला मुख्यतः ताबाच पाहायचा असतो. शांतपणे चालत आलेला ताबा, मूळ मालकालासुद्धा, कायद्याच्या मार्गाशिवाय मोडता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००३ मध्ये पुन्हा सांगितले आहे. म्हणून माझे निक्षून सांगणे आहे: जुन्या जोत्याच्या बाहेर एक हातही जाऊ नका. मागे संडास-बाथरूम काढायचा मोह होतो, पुढे पडवी चार फूट वाढवावीशी वाटते. तो वाढीव भाग उरलेल्या घराची केस बुडवतो.

घर समुद्राकडेला असल्यामुळे आणखी एक कारण आहे. आपल्यासारख्या विरळ वस्तीच्या किनारी गावांत भरतीरेषेपासून २०० मीटर ना-विकास क्षेत्र असते. त्यात जुन्या अधिकृत घराची दुरुस्ती वा पुनर्बांधणी करता येते, पण आहे तेवढ्याच जोत्यावर आणि आहे तेवढ्याच चटईक्षेत्रात. चुलतभावाचा वकील हुशार असला तर तो पोलिसांचा नाद सोडून सीआरझेडची, म्हणजे किनारी बांधकामाच्या नियमांची, तक्रार करील, आणि तिथे पोलीस-हस्तक्षेपाचा मुद्दा कामाला येत नाही. ग्रामपंचायतीचा कागद पुरेसा आहे की तहसील वा नगररचनेकडून काही लागते, हे जागा गावठाणात आहे की बाहेर यावर ठरते. ते आधी पाहून घ्या. स्वतःचे बांधकाम परवानगीत नसेल तर कोर्टात उभे राहण्याआधीच पाय घसरतो.

एवढे तपासले की दावा. तालुक्याच्या दिवाणी कोर्टात चुलतभावाविरुद्ध निरंतर मनाईचा दावा आणि त्यासोबत तूर्तातूर्त मनाईचा अर्ज, म्हणजेच निशाणी ५. मागणी स्पष्ट लिहा: प्रतिवादीने स्वतः किंवा दुसऱ्यामार्फत, जुन्या जोत्यावरील बांधकामास अडथळा करू नये. 'दुसऱ्यामार्फत' हा शब्द घालाच. कागदासोबत जुन्या घराचे फोटो, पडल्यानंतरचा पंचनामा असेल तर तो, घरपट्टीच्या सलग वर्षांच्या पावत्या, मीटरचे बिल, परवानगी आणि जोत्याची मापे द्या. गुगल अर्थवर मागल्या वर्षांची चित्रे निघतात. त्यात कौलांचे छप्पर स्पष्ट दिसत असेल तर तेही लावा. फक्त मोबाइलचे फोटो आणि असली चित्रे यांना साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र जोडायला विसरू नका.

एका ठिकाणी फार जपा. पहिल्याच तारखेला दोन्ही बाजू गरम असल्या की कोर्टाला सर्वांत सोपे वाटते ते 'जैसे थे'. ऐकायला समतोल वाटते. बांधणाऱ्यासाठी मात्र जैसे थे म्हणजे काम बंद, आणि तेही आता कोर्टाच्या शिक्क्याने. आधी पोलिसांचा तोंडी शब्द होता, त्याला आव्हान देता येत होते. ही चूक वकिलांकडूनही होते, कारण 'स्टे मिळाला' असे पक्षकाराला सांगता येते. त्याऐवजी स्वतःहून हमीपत्र पुढे करा: 'बांधकाम माझ्या जोखमीवर करीन, जुन्या जोत्याच्या बाहेर जाणार नाही, दाव्यात हरलो तर खर्च झाला म्हणून कोणताही हक्क सांगणार नाही.' जोडीला कोर्ट कमिशनर मागा. त्याने एकदा येऊन जोते मोजले, भिंतींची उंची लिहिली, नकाशा काढला, की 'हे रातोरात बांधले' असे म्हणायला समोरच्याला जागा राहत नाही. प्रामाणिक बांधणाऱ्याला कमिशनरची भीती बाळगायचे कारण नाही.

चुलतभाऊ आधी कोर्ट गाठेल अशी शंका असेल तर आजच कॅव्हेट टाका. ते नव्वद दिवस टिकते आणि तुम्हाला न ऐकता एकतर्फी मनाई होत नाही. दिवाणी कामात इतक्या स्वस्तात इतके संरक्षण देणारा दुसरा कागद मला माहीत नाही.

काळाचाही हिशोब धरा. चाकरमानी मे महिन्यात गावी येतात, काम मे महिन्यात जोरात असते, भांडण मे महिन्यात पेटते, आणि नेमकी त्याच वेळी दिवाणी कोर्टांना उन्हाळी सुट्टी असते. तातडीच्या कामांना सुट्टीतही न्यायाधीश असतात, पण 'तातडी काय' हे अर्जात पटवून द्यावे लागते. लिहा की मृग लागायच्या आत छप्पर चढले नाही तर उघड्या भिंती पावसात राहतील, आणि राहिलेल्या कामाचे वर्ष जाईल. कोकणातल्या न्यायाधीशाला हे समजते, मात्र अर्जात लिहिलेले हवे. आणि जमले तर दावा दिवाळीनंतर लगेच लावा. मेची वाट पाहू नका.

या दाव्यात पोलिसांना प्रतिवादी करावे का? माझा सल्ला सहसा 'नको' असा असतो. सरकारी अधिकाऱ्याला पक्षकार केले की दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस आडवी येते. तातडीत ती वगळायला कोर्टाची परवानगी मिळते, पण त्यासाठी एक वेगळा अर्ज आणि एक-दोन तारखा जातात. शिवाय, गुन्ह्याची तक्रार करण्यापासून किंवा फौजदारी काम चालवण्यापासून कोणाला रोखणारी मनाई दिवाणी कोर्ट देत नाही. विशिष्ट अनुतोष अधिनियमाच्या कलम ४१ मध्येच तसे आहे. पण चुलतभावाविरुद्ध मनाई मिळाली की तिची नक्कल घेऊन ठाण्यात जा, आवक करा आणि एक प्रत उपविभागीय पोलीस अधिकाऱ्यांना द्या. मग चित्र पालटते. कालपर्यंत 'मिटवा' सांगणारे साहेब त्यालाच सांगतात, 'कोर्टात जा बाबा, आमच्याकडे येऊ नको.' माझ्या अनुभवात दहातल्या आठ प्रकरणांत गोष्ट इथेच संपते. हुकूम मोडून तो आडवा आला तर ऑर्डर ३९ नियम २अ खाली मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आहे. गरज पडली तर हुकूम अमलात आणायला पोलीस मदत द्या, असे कोर्टच सांगू शकते. तेव्हा तेच बीट अंमलदार तुमच्या बाजूने अंगणात उभे राहतात.

दहातून उरलेल्या दोनांसाठी उच्च न्यायालय आहे: राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका. पूर्वी यासाठी कोकणकन्येने रात्रभर प्रवास करून मुंबई गाठावी लागे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झाले आणि रत्नागिरी, सिंधुदुर्ग त्याच्याकडे आले. करूळचा किंवा फोंड्याचा घाट चढला की संध्याकाळी घरी परत येता येते. रायगडकरांना मात्र मुंबईच.

तिथे काय मागायचे हे नीट ठरवा. उच्च न्यायालय तुमची मालकी ठरवणार नाही, आणि मालकीवर वाद असताना 'यांना बांधायला पोलीस संरक्षण द्या' असेही सहसा म्हणणार नाही, दिवाणी कोर्टात जा म्हणेल. तुमचे म्हणणे मोजके हवे: पोलिसांना अधिकार नसताना त्यांनी अमुक तारखांना काम थांबवले, बोलावून बसवले, सही घेतली, मी लेखी तक्रार केली, कारवाई झाली नाही. ती लेखी तक्रार आधी पोलीस अधीक्षकांकडे गेलेली हवी. मागितले आणि मिळाले नाही, हे दाखवल्याशिवाय याचिकेला जोर येत नाही. पहिल्या तारखेला बहुधा काय होते ते सांगतो, म्हणजे निराशा होणार नाही. सरकारी वकील ठाण्यातून माहिती घेतात आणि सांगतात की पोलीस केवळ अर्जाची चौकशी करत होते, बांधकाम अडवण्याचा त्यांचा हेतू नाही. कोर्ट ते विधान नोंदवून, दिवाणी वादात कायद्याच्या मार्गाखेरीज हस्तक्षेप करू नये असे म्हणून याचिका निकाली काढते. पक्षकार बाहेर येऊन विचारतो, 'म्हणजे काहीच नाही मिळाले?' मिळाले. ते नोंदवलेले विधान मोडले तर पुढचा अर्ज अवमानाचा होतो, आणि हे ठाण्यातल्या प्रत्येकाला कळते. खोटा गुन्हाच दाखल झाला असेल तर मार्ग वेगळा: तो रद्द करायला नव्या संहितेचे कलम ५२८, आणि अटकेची भीती असेल तर अटकपूर्व जामिनाला ४८२. जुन्या कायद्यात ४८२ म्हणजे गुन्हा रद्द करणे होते. आकड्यांच्या या अदलाबदलीत चुकीचा अर्ज टाकलेला मी पाहिला आहे.

अजून एक फाटा आहे. पोलीस कधी कधी शांततेचा प्रश्न म्हणून तहसीलदारांकडे, कार्यकारी दंडाधिकारी या नात्याने, अहवाल पाठवतात. कलम १२६ ची म्हणजे जुन्या १०७ ची चॅप्टर केस आली तर घाबरू नका. ती शांतता राखण्याच्या बंधपत्राची असते, जमिनीची नव्हे. कलम १६४ ची, जुन्या १४५ ची, नोटीस आली तर मात्र लगेच वकील गाठा. तिथे ताबा कोणाचा एवढेच पाहतात, पण प्रसंगी जागा जप्त होऊ शकते. त्याच जागेवर दिवाणी दावा चालू असताना ही समांतर कारवाई चालवू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८०च्या दशकातच सांगितले आहे. दावा आधी दाखल असण्याचा हा आणखी एक फायदा.

राहिला तो कागद, ज्यावर तुम्ही सही केलीत. तुम्ही लिहिता, 'काय लिहिले होते ते नीट वाचले नाही, चष्मा घरी होता.' अशा जबाबात साधारण एकच वाक्य असते: 'वाद मिटेपर्यंत मी काम करणार नाही.' माझ्या एका पक्षकाराची अशी सही निशाणी ५ च्या सुनावणीत समोरून आली, निळ्या बॉलपेनने, पानाच्या अगदी तळाशी, वर हवालदाराचे अक्षर. न्यायाधीशांनी विचारले, 'यांनी स्वतःच कबूल केले आहे ना?' आमच्याकडे उत्तर होते, पण ते त्या सहीनंतर चार महिन्यांनी दिलेले होते, म्हणून त्याला वजन उरले नव्हते. तुमच्या सहीला अजून फक्त अकरा दिवस झाले आहेत. दाव्याचे काम पुढच्या आठवड्यात करू, पण हे पत्र उद्याच द्या. पोलीस ठाण्याच्या प्रभारींच्या नावे, प्रत पोलीस अधीक्षक, सिंधुदुर्गनगरी यांना स्पीड पोस्टाने. मजकूर एवढाच ठेवा, एकही विशेषण घालू नका:

'दिनांक अमुक रोजी मला पोलीस ठाण्यात तोंडी बोलावण्यात आले. दुपारी १ ते ५ मी तेथे होतो. माझे वय ६३ आहे. चष्मा नसल्यामुळे मला वाचता न आलेल्या कागदावर माझी सही घेण्यात आली, तो मला वाचून दाखवला नाही व त्याची प्रत दिली नाही. काम बंद ठेवण्यास मी संमती दिलेली नाही. त्या कागदात तसा मजकूर असल्यास तो मला मान्य नाही. सदर बांधकाम माझ्या वडिलांच्या जुन्या घराच्या जोत्यावर, ग्रामपंचायतीच्या परवानगीने चालू आहे. ते थांबवण्याचा सक्षम न्यायालयाचा किंवा प्राधिकरणाचा कोणताही आदेश मला मिळालेला नाही. असल्यास त्याची प्रत द्यावी. त्या कागदाची व माझ्याविरुद्धच्या अर्जाची प्रत द्यावी.'

खाली सही, तारीख, सोबत परवानगीची झेरॉक्स. दोन प्रती न्या, एकीवर गोल शिक्का आणि आवक क्रमांक घ्या. पोस्टाची पावती त्याच प्रतीला टाचून ठेवा आणि कोर्टात येताना ती घेऊन या. चष्माही.